वळताना कटकट: जुन्या अल्टोचा बाहेरचा सीव्ही जॉइंट बदलला, त्याची सगळी हकीकत

सीव्ही जॉइंट म्हणजे गिअरबॉक्सकडून पुढच्या चाकाला ताकद नेणाऱ्या दांड्याचा, म्हणजे एक्सल किंवा शाफ्टचा, टोकाचा सांधा. एका शाफ्टला असे दोन, आतला गिअरबॉक्सकडं आणि बाहेरचा चाकाकडं. आधी गाडीची माहिती देतो, नाहीतर पुढचं कळणार नाही. २००६ ची अल्टो, ७९६ सीसी, एमएच १३ पासिंग, पहिल्या दिवसापासून आमच्याच घरात. २०२१ ला पंधरा वर्षं भरली तेव्हा आरटीओत नेऊन पाच वर्षांसाठी आरसी रिन्यू करून घेतली. मीटरवर १ लाख १८ हजार किलोमीटर. घर जुळे सोलापुरात आणि शेत मंद्रूपच्या पुढं, म्हणजे गाडीचं अर्धं आयुष्य विजापूर रोडवर गेलं आणि उरलेलं शेताच्या काळ्या मातीच्या वाटेवर. ही काळी माती पुढं परत येणार आहे.

तक्रार अशी की वळताना पुढून उजव्या बाजूनं कट-कट-कट-कट असा आवाज. सरळ रस्त्यावर काहीच नाही. पहिल्यांदा कळलं ते आमच्या बोळातच, दोन्हीकडं कंपाउंडच्या भिंती आहेत, काच खाली होती, डावीकडं वळण घेऊन ॲक्सिलरेटर दिला आणि आवाज भिंतीवर आपटून परत आला. तोच आवाज सात रस्त्याच्या गर्दीत काच वर करून फिरलो असतो तर अजून सहा महिने ऐकू आला नसता. आई मागं बसली होती, ती म्हणाली, "अरे, चाकात काहीतरी अडकलंय बघ." मी उतरून बघितलं, खडा नाही, काडी नाही, टायरमध्ये खिळा नाही.

मग मी पहिली चूक केली. जवळच्या एका गॅरेजमध्ये नेली, तिथं गाडी जॅकवर उचलून चाक हातानं फिरवलं, हलवून बघितलं, आणि "बेरिंग गेलंय" म्हणून सांगितलं. बेरिंग बदललं, प्रेसवर बसवायची मजुरी धरून दीड हजार रुपये गेले, गाडी घेऊन बाहेर पडलो आणि पहिल्याच वळणावर तोच कट-कट-कट. परत गेलो तर म्हणाले नवीन आहे, थोडी चालवा, बसेल. आठ दिवस चालवली, आवाज वाढला. आता मागं वळून बघितलं की वाटतं त्या माणसाला दोष देण्यात अर्थ नाही, चूक माझीपण होती, कारण मी त्याला सांगितलं काय तर "पुढून आवाज येतोय". कधी येतो, कुठल्या बाजूला वळल्यावर येतो, ॲक्सिलरेटर दिल्यावर येतो का सोडल्यावर, हे मी सांगितलंच नाही आणि त्यानं विचारलं नाही.

आवाजावरून ओळखायचं तर फरक सोपा आहे, आणि तो मला अण्णांनी सांगितला. अण्णा म्हणजे अक्कलकोट रोडकडं पत्र्याच्या शेडमध्ये काम करणारे म्हातारे मिस्त्री, वडिलांच्या ओळखीचे. चाकाचं बेरिंग गेलं की गुंईई असा सलग आवाज येतो, स्पीड वाढेल तसा वाढतो, ॲक्सिलरेटर सोडला तरी चालूच राहतो. बॉल जॉइंट किंवा टाय रॉडचा एंड ढिला असेल तर खड्ड्यात एकदाच खट्ट. आतला जॉइंट, म्हणजे गिअरबॉक्सकडचा, खराब असेल तर सरळ जाताना ॲक्सिलरेटर दिला की गाडी थरथरते. आणि बाहेरचा जॉइंट, चाकाकडचा, गेला असेल तर तो फक्त वळताना बोलतो, आणि चाकाच्या चालीनं बोलतो, हळू फिरलं की हळू कट-कट, जोरात फिरलं की जोरात. ॲक्सिलरेटर देऊन वळलं की सगळ्यात मोठ्यानं.

अण्णांनी गाडीला हात लावायच्या आधी मलाच ड्रायव्हिंग सीटवर बसवलं. शेडच्या बाजूला मोकळी जागा आहे. "मालक, स्टिअरिंग डावीकडं पूर्ण तोडा आन पहिल्या गिअरला हळू गोल फिरवा, मधी मधी रेस द्या." स्वतः गाडीच्या बाजूनं चालत राहिले, मान खाली घालून. दोन चकरा डावीकडं, दोन उजवीकडं. डावीकडं वळताना स्पष्ट वाजायचं, उजवीकडं जवळजवळ नाही. "बेरिंग नाय ओ हे. उजव्या बाजूचा एक्सलचा जॉइंट बोलायलाय." डावीकडं वळलं की गाडीचा भार उजव्या चाकावर येतो म्हणून उजवा जॉइंट बोलतो, हा त्यांचा ठोकताळा. पण त्यांनी स्वतःच सांगितलं की ठोकताळ्यावर पार्ट बदलायचा नसतो, कारण आवाज पत्र्यातून फिरतो आणि कानाला फसवतो.

मग स्टिअरिंग पूर्ण वळवून ठेवलं आणि मोबाईलचा टॉर्च लावून उजव्या चाकाच्या मागं बघितलं. तिथं सगळं लिहून ठेवल्यासारखं होतं. रबराचा बूट, तो अकॉर्डियनसारखा घड्याघड्यांचा असतो, त्याच्या दोन घड्यांच्या मधल्या खाचेत बोटभर लांब चीर. रिमच्या आतल्या अंगाला काळ्या ग्रीसचा गोल पट्टा उडालेला, लोअर आर्मवर, म्हणजे चाकाला खालून धरणाऱ्या दांड्यावर, ब्रेकच्या पाईपवर तेच काळं, आणि त्यावर बसलेल्या धुळीचा जाड थर. आणि खरं सांगतो, हा काळा पट्टा मी आधी बघितला होता. वर्षभरापूर्वी पंक्चर काढताना रिम आडवी पडली होती तेव्हा दिसला होता आणि मी ब्रेकची काजळी समजून सोडून दिला. ब्रेकची काजळी कोरडी असते, बोटाला पावडरीसारखी लागते. हे ग्रीस होतं, चिकट. त्या दिवशी बोट लावून बघितलं असतं तर काम दोन-तीनशे रुपयांच्या बुटात भागलं असतं, कारण बूट फाटून थोडेच दिवस झाले असतील आणि ग्रीस स्वच्छ असेल तर जॉइंट धुऊन, नवीन ग्रीस भरून, नवीन बूट घालून तोच जॉइंट पुढं अनेक वर्षं चालतो. कटकट सुरू झाली की मग तो रस्ता बंद. आवाज येतो म्हणजे लोखंड झिजलेलं असतं आणि ग्रीस भरून लोखंड परत येत नाही.

बूट फाटला कशामुळं, हा प्रश्न अण्णांनी सोडला नाही आणि मला तेच सगळ्यात आवडलं. नुसतं रबर जुनं झालं म्हणून सांगता आलं असतं, आपल्याकडं एप्रिल-मेमध्ये ४३-४४ डिग्री असते, गाडी उघड्यावर, रबर कडक पडणारच. पण त्यांनी लोअर आर्मवरचं मातीचं ढेकूळ दाखवलं. पावसाळ्यात शेतात गेलं की काळी माती चाकाच्या आत भरते, चिकटते, आणि वाळली की विटेसारखी घट्ट होते. त्या ढेकळाचं टोक बुटाच्या एका घडीला घासत होतं, तिथं रबर चकचकीत झालं होतं, आणि चीर बरोबर त्याच रेषेत. मी गाडी धुतो, दर पंधरा दिवसाला धुतो, पण वरून. चाकाच्या आत पाण्याचा पाईप कधी घातलाच नव्हता.

आता प्रश्न पडला काय बदलायचं. तीन पर्याय होते. एक, जुन्या बाजारातून भंगारात निघालेल्या गाडीचा अख्खा एक्सल आणायचा. दोन, नवीन अख्खा एक्सल, आतल्या-बाहेरच्या दोन्ही जॉइंटसकट. तीन, फक्त बाहेरचा जॉइंट, तो बूट, ग्रीसचं पाकीट, पट्ट्या आणि लॉकसकट किट म्हणून मिळतो. भंगारातला एक्सल स्वस्त मिळतो पण त्याचा बूट आतून कसा आहे, ग्रीस कधीचं आहे, काही कळत नाही, म्हणजे आपली अडचण दुसऱ्याच्या अडचणीशी बदलून घ्यायची. अख्खा नवीन एक्सल म्हणजे गिअरबॉक्समधून काढणं आलं, गिअर ऑइल सांडणं आलं, ऑइल सील नवीन टाकणं आलं. आमच्या गाडीचा आतला जॉइंट हातानं आतबाहेर हलवून बघितला, मऊ सरकत होता, बूट कोरडा आणि अख्खा, आणि सरळ पळवताना थरथर अजिबात नव्हती. त्यामुळं फक्त बाहेरचा जॉइंट बदलायचं ठरलं. शाफ्टचे दाते झिजलेले निघाले असते किंवा आतला जॉइंट ढिला असता तर मी अख्खा एक्सलच घेतला असता, कारण तेच खोलण्याचं काम दोनदा करण्यात शहाणपणा नाही.

एक गोष्ट इथं सांगून ठेवतो. कंपनीची पद्धत सहसा बाहेरचा जॉइंट सुटा न करता शाफ्टसकट अख्खा जोडच बदलायची असते. बाहेर मिळणारं किट चांगल्या मेकचं असेल आणि लॉक नीट बसवलं तर ते टिकतं, पण पाकिटावर नाव नाही, ग्रीस नाही, लॉक जुनंच वापरा म्हणतात, असलं किट घेऊ नका. आणि गाडीला एबीएस, म्हणजे ब्रेक मारल्यावर चाक लॉक होऊ न देणारी यंत्रणा, असेल तर जॉइंटवर दात्यांची रिंग असते, ती सेन्सरशी जुळणारीच लागते. आमच्या गाडीला एबीएस नाही म्हणून तो विषय नव्हता.

काम रविवारी ठरवलं. जानेवारी तोंडावर आला होता, सिद्धेश्वराच्या गड्ड्याच्या यात्रेला पाहुणे येणार आणि तेव्हा शहरातले अर्धे रस्ते वळवलेले असतात, गाडी जास्तच वळवावी लागते, म्हणून त्याआधी उरकायचं होतं. शनिवारी संध्याकाळी अण्णांनी हबच्या, म्हणजे चाक ज्यावर बसतं त्या मधल्या भागाच्या, मोठ्या नटावर आणि बॉल जॉइंटच्या बोल्टवर गंज सोडवायचं तेल मारून ठेवायला सांगितलं. रात्रभर मुरलेलं तेल दुसऱ्या दिवशी तासाभराची ठोकाठोकी वाचवतं.

सकाळी पहिलं काम हबचा नट. आमच्या गाडीत या नटाची कडा पंच मारून शाफ्टच्या खाचेत दाबलेली असते, म्हणजे नट आपोआप सुटू नये. काही गाड्यांत तिथं स्प्लिट पिन असते. ती दाबलेली कडा छिन्नीनं आधी उचलावी लागते, ती न उचलता पाना लावला तर शाफ्टचे आटे जातात आणि मग जॉइंट कितीही नवीन असला तरी नट बसणार नाही. हा नट गाडी खाली जमिनीवर असतानाच ढिला करायचा. मी ब्रेकवर पाय दाबून बसलो, अण्णांच्या हाताखालचं पोरगं लांब पाईप घालून लोंबकळलं, आणि काडकन आवाज होऊन नट हलला. तो आवाज ऐकून मला वाटलं काहीतरी तुटलं.

त्यानंतर मागच्या चाकाला दोन्हीकडून दगड, हँडब्रेक, जॅक, आणि जॅकच्या शेजारी लोखंडी घोडी. घोडीशिवाय हे काम करायचंच नाही. पुढं जे ठोकायचं आणि ओढायचं असतं त्यात गाडी आडवी हलते, नुसत्या जॅकवरची गाडी घसरायला तेवढं पुरतं.

चाक काढलं, लोअर आर्मच्या बॉल जॉइंटचा बोल्ट पूर्ण बाहेर काढला, नुसता ढिला करून भागत नाही कारण तो बॉल जॉइंटच्या खाचेतून आडवा गेलेला असतो. मग पहारीनं आर्म खाली दाबून बॉल जॉइंट सोडवला. ब्रेकचा पाईप ताणला जाऊ नये म्हणून त्याची पट्टीपण सोडली. आता नट शाफ्टच्या टोकापर्यंत आणून, त्यावर लाकडाचा ठोकळा धरून हातोडा. टोकाला लोखंडी हातोडा सरळ मारला तर टोक फुगतं आणि नट परत चढत नाही. चार-पाच ठोक्यांत शाफ्ट हबमधून सुटला.

इथं एक जपायची गोष्ट आहे, आणि गडबडीत नेमकी तिथंच माती होते. शाफ्ट हबमधून सुटला की तो मोकळा लटकतो, आणि माणूस तो आपल्याकडं ओढतो. ओढायचा नाही. आतला जॉइंट तीन रोलरचा असतो, तो आतबाहेर सरकतो, जास्त ओढला की रोलर आपल्या भांड्यातून बाहेर येतात, नाहीतर अख्खा एक्सलच गिअरबॉक्समधून निघतो आणि ऑइल जमिनीवर. अण्णांनी शाफ्ट तारेनं वर बांधून ठेवला, लोंबता ठेवला नाही.

जुना बूट ब्लेडनं कापून फेकला. आतलं ग्रीस बघून पोटात कसंतरी झालं. नवीन ग्रीस काळं असतं पण लोण्यासारखं मऊ असतं. हे कणकेसारखं घट्ट झालेलं, आणि बोटांत चोळलं की बारीक वाळू करकरत होती. आमच्याकडं यंत्रमागाचं कॉटन वेस्ट भरपूर मिळतं, त्यानं पुसून पुसून दोन मुठी वेस्ट काळं झालं तेव्हा कुठं आतली रिंग दिसली. जॉइंट शाफ्टवर एका छोट्या स्प्रिंगच्या लॉकनं धरलेला असतो. पितळी दांडा त्या आतल्या रिंगवर टेकवून एकच जोराचा, सरळ ठोका मारायचा. पिंजऱ्यावर किंवा बाहेरच्या भांड्यावर मारायचं नाही. अण्णांचा तिसरा ठोका बसला आणि जॉइंट टपकन हातात आला.

तो जॉइंट मी धुऊन, पुसून, घरी आणून ठेवलाय, आणि तो हातात धरल्याशिवाय हे सगळं समजत नाही. बाहेर एक वाटी, आत एक छोटी गोल रिंग, दोन्हींवर समोरासमोर सहा वक्र खाचा, आणि त्या खाचांत सहा गोळ्या. मधे एक पिंजरा, सहा खिडक्यांचा, जो गोळ्यांना कायम एकाच पातळीत धरून ठेवतो. शाफ्ट एका कोनात आणि चाक दुसऱ्या कोनात असलं तरी गोळ्या बरोबर त्या कोनाच्या मध्यावर राहतात, म्हणून शाफ्ट जेवढ्या वेगानं फिरतो तेवढ्याच वेगानं चाक फिरतं, कमीजास्त होत नाही. जीप-ट्रकच्या मागच्या चाकांकडं जाणाऱ्या लांब प्रोपेलर शाफ्टला जो क्रॉस, म्हणजे चार टोकांचा सांधा, असतो त्यात असं होत नाही. क्रॉस कोनात असला की एका फेऱ्यात दोनदा चाल वाढते आणि दोनदा कमी होते. पुढच्या चाकांना स्टिअरिंगपण फिरवायचं आणि ताकदपण द्यायची, तर तिथं एकटा क्रॉस चालत नाही, स्टिअरिंगला हिसके बसतात. फोर्डमधल्या आल्फ्रेड झेप्पा नावाच्या इंजिनियरनं हा गोळ्यांचा जॉइंट १९२० च्या दशकात काढला, १९५९ च्या ब्रिटिश मिनीमुळं तो छोट्या गाड्यांत रुळला, आणि आपल्याकडं डिसेंबर १९८३ मध्ये मारुती ८०० आली तेव्हापासून तो मध्यमवर्गीयांच्या दारात आला. त्याआधीच्या ॲम्बेसेडर आणि पद्मिनीची मागची चाकं ओढायची, त्यांच्या पुढच्या चाकांना एक्सल नव्हताच. अण्णांनी उमेदवारी त्या गाड्यांवर केलेली. ते सांगत होते, सुरुवातीला हा जॉइंट खोलला की गोळ्या परत बसवता यायच्या नाहीत म्हणून मिस्त्री रडकुंडीला यायचे.

आता झीज कुठं होती ते सांगतो. खाचेत नख फिरवलं तर दोन्ही टोकांकडं गुळगुळीत, आणि बरोबर मध्यात नख अडकतं. तिथं खड्डा पडलाय, तांदळाच्या दाण्याएवढा लांब. गाडी बहुतेक वेळ सरळच जाते, तेव्हा गोळ्या खाचेच्या मध्यातच थोड्याशा हलत राहतात, वाळू मिसळलेल्या ग्रीसमध्ये तिथंच घासत राहतात. सरळ जाताना गोळी त्या खड्ड्यात निवांत बसलेली असते म्हणून आवाज नाही. स्टिअरिंग तोडलं की गोळीला खड्ड्याच्या काठावरून चढून जावं लागतं, आणि उतरताना कट्ट. एकेक गोळी, एकेक कट्ट. मला इतके दिवस ऐकू येत होतं ते हेच होतं. सहापैकी दोन गोळ्यांचा पृष्ठभाग दाणेदार झालेला, आणि पिंजऱ्याच्या एका खिडकीत गोळी खुळखुळत होती. असा जॉइंट चालवत राहिलं तर पिंजरा तुटतो, गोळ्या बाहेर येतात, आणि मग इंजिन चालू, गिअर पडलेला, पण गाडी जागची हलत नाही, कारण डिफरन्शियल, म्हणजे दोन्ही चाकांत ताकद वाटणारा भाग, सगळी ताकद त्या तुटलेल्या बाजूला फिरवून टाकतं. हे तुळजापूरच्या घाटात होण्यापेक्षा आपल्या बोळात कळलं हे बरं झालं.

मधेच एक घोळ झाला. किट मी दुकानातून आदल्या दिवशी नुसतं "अल्टो, २००६" सांगून आणलं होतं. जुन्या जॉइंटशेजारी नवीन ठेवला, दिसायला जुळे भाऊ. अण्णा म्हणाले, "दाते मोजा." एका दात्यावर खडूची खूण करून मी मोजत गेलो, आतल्या दात्यांत दोनचा फरक. एकाच नावाच्या गाडीत वर्षानुसार, इंजिनानुसार शाफ्ट बदललेले असतात. मग जुना जॉइंट जुन्या टॉवेलात गुंडाळून परत दुकानात, काउंटरवर कागद अंथरून दुकानदारासमोर आतले दाते, बाहेरचे दाते, बुटाची गादी बसते तिथला व्यास आणि हबकडच्या दांड्याची लांबी, चारही गोष्टी मिळवून घेतल्या. दुकानदारानं बदलून दिलं, कुरकुर केली नाही. पण दीड तास गेला आणि तेवढा वेळ गाडी घोडीवर. जुना पार्ट घेतल्याशिवाय दुकानात जायचं नाही हे मला माहीत असायला पाहिजे होतं.

बसवायचं काम खोलण्यापेक्षा शांतपणे करायचं असतं. शाफ्टचे दाते पेट्रोलनं धुतले, कोरडे केले. आधी छोटी पट्टी आणि नवीन बूट शाफ्टवर चढवला, हे विसरून जॉइंट ठोकला तर सगळं परत. दात्यांवरून बूट सरकवताना दात्यांना इन्सुलेशन टेप गुंडाळली, नाहीतर रबराची आतली कड कातरली जाते. जुनं लॉक फेकून किटमधलं नवीन बसवलं. ग्रीस पाकिटातलं सगळं वापरायचं, थोडं ठेवायचं नाही आणि दुसरं मिसळायचं नाही. या जॉइंटला मॉलिब्डेनमवालं काळं ग्रीस लागतं, कारण गोळी आणि खाच यांच्यात दाब भयंकर असतो. गाडीखाली पंपानं मारतात ते पिवळं ग्रीस इथं चालत नाही, तरी लोक ते भरतात आणि सहा महिन्यांनी परत येतात. अण्णांनी अंगठ्यानं दाबून दाबून निम्मं जॉइंटच्या गोळ्यांमध्ये बसवलं आणि उरलेलं बुटात भरलं.

जॉइंट चढवताना टोकाला नट लावून त्यावर लाकडी ठोकळा ठेवून ठोकला, लॉक आत बसल्याचा टक् असा वेगळा आवाज येतो. आवाज आला तरी अण्णांनी जॉइंट धरून जोरात हिसका देऊन बघितला, निघाला नाही. मग बूट त्याच्या खाचेत बसवला, स्क्रू ड्रायव्हरचं बोथट टोक कडेखाली घालून आतली हवा सोडली, कारण हवा कोंडली तर बूट फुग्यासारखा राहतो आणि वळताना घडी चुकीच्या जागी पडते. पीळ पडलाय का बघितला, मगच पट्ट्या आवळल्या. पट्टीच्या जागी तार बांधणारे मिस्त्री मी बघितलेत. तार रबरात रुतते आणि तिथूनच परत चीर सुरू होते.

हबमधले दाते पुसून, बॉल जॉइंट परत खाली बसवून, बोल्ट त्याच्या खाचेत नीट गेल्याची खात्री करून घट्ट केला. हबला नवीन नट. जुना नट परत वापरू नये, त्याची दाबलेली कडा एकदा उचलली की दुसऱ्यांदा धरत नाही. हा नट किती घट्ट करायचा याला अंदाज चालत नाही, कारण या नटाच्याच दाबावर चाकाचं बेरिंग धरलेलं असतं, आणि माझं बेरिंग तर नवंकोरं होतं. या आकाराच्या गाड्यांना दीडशे ते दोनशे न्यूटन मीटरच्या घरात आकडा असतो, आपापल्या गाडीचा मॅन्युअलमधून घ्यायचा. अण्णांकडं टॉर्क पाना, म्हणजे किती जोरानं आवळलं ते दाखवणारा पाना, नाही, मी एका मित्राचा मागून आणला होता. त्यांनी आधी आपल्या हातानं आवळला, मग मी टॉर्क पाना लावला, तर अजून जवळजवळ पाव फेरा बसला. अण्णा दोन मिनिटं त्या पान्याकडं बघत होते, मग म्हणाले, "हे चांगलंय ओ." टॉर्क पाना नसेल तर हिशोब असा, हबच्या मध्यापासून एक मीटर अंतरावर पाईप आडवा धरून १८ किलो वजन टाकलं की साधारण १७५ न्यूटन मीटर होतात. शेवटी पंच मारून कडा खाचेत दाबली. नट पूर्ण आवळल्याशिवाय गाडी एक फूटसुद्धा ढकलायची नाही, बेरिंग सुटं राहून खराब होतं.

चाक लावलं, परत त्याच मोकळ्या जागेत डावीकडं पूर्ण स्टिअरिंग तोडून रेस दिली. काच खाली. टायर खडीवरून फिरल्याचा आवाज येत होता, बाकी काही नाही. दोन चकरा जास्त मारल्या. खर्च, किट १,३५०, नट ६०, मजुरी ६००. बेरिंगचे दीड हजार वेगळे.

पंधरा दिवसांनी आणि मग महिन्यानं परत टॉर्च मारून बघितलं, बूट कोरडा, रिम आतून स्वच्छ. शेतातून आलं की आता पाण्याचा पाईप आधी चाकांच्या आत.

डावीकडचा जॉइंट तेवढाच जुना, तोपण बदलू का म्हणून विचारलं होतं. अण्णा म्हणाले बोलत नसेल तर हात लावू नका, फक्त बूट बघा. बघितला, फाटला नव्हता पण घड्यांच्या तळाला केसासारख्या बारीक भेगा होत्या. यात्रा झाल्यावर एका रविवारी तो उघडला. ग्रीस काळं, मऊ, बोटांत चोळलं तर काहीच करकरलं नाही. पुसून गोळ्या बघितल्या, सहाच्या सहा चकचकीत. मी मुद्दाम खाचेत नख फिरवलं, एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत, कुठंच अडकलं नाही. तीच गाडी, तेच १ लाख १८ हजार किलोमीटर, तीच शेताची वाट, या बाजूचं रबर तेवढं अख्खं राहिलं होतं. तोच जॉइंट धुऊन नवीन ग्रीस भरलं, लॉक, पट्ट्या आणि हबचा नट नवीन टाकला, आणि २८० रुपयांचा नवीन बूट घालून बंद केला.